रायगडची समाधी आणि लोकमान्य टिळक

लोकमान्य टिळकांचे चरित्र आपल्यापैकी बहुतेकांनी शाळेत वाचलेले असते. १ ऑगस्टला त्यांच्या प्रतिमेस हार घातला जातो, मुले भाषणे पाठ करून म्हणून दाखवितात आणि शेंगांच्या टरफलांची गोष्ट सांगून समारंभ संपतो. चाळीसएक वर्षे शिक्षकाचा व्यवसाय केलेल्या माझ्यासारख्या माणसाने ही भाषणे शेकड्यांनी ऐकली आणि शेकड्यांनी लिहूनही दिली. परंतु त्या चरित्रातील एक प्रकरण असे आहे की ज्याचा उल्लेख एका ओळीत उरकला जातो. कायद्याचा पदवीधर असलेल्या या पुरुषाने एका पडक्या वास्तूच्या रक्षणासाठी पंचवीस वर्षे चिंता वाहिली, त्यासाठी लोकांपुढे हात पसरले आणि ते काम पुरे झालेले पाहण्यापूर्वीच देह ठेवला. ही वास्तू म्हणजे रायगडावरील शिवछत्रपतींची समाधी. या अंकात त्यांचे चरित्र सांगावयाचे ते या समाधीच्या अनुरोधाने सांगावे, असे मनात आहे.

बाळ गंगाधर टिळक यांचा जन्म २३ जुलै १८५६ रोजी रत्नागिरी येथे झाला. वडील गंगाधरपंत हे शाळामास्तर होते व पुढे शिक्षणखात्यात अधिकारी झाले. गणित आणि संस्कृत यांचे संस्कार मुलावर घरीच झाले. इ.स. १८६६ मध्ये हे कुटुंब पुण्यास आले. त्याच वर्षी आई पार्वतीबाई निवर्तल्या, आणि १८७२ मध्ये पित्याचेही छत्र हरपले. सोळा वर्षांच्या वयात मुलगा पोरका झाला. परंतु शिक्षण थांबले नाही. डेक्कन कॉलेजात गेल्यावर पहिले वर्ष त्यांनी पुस्तकांपेक्षा तालमीस अधिक दिले, कारण प्रकृती नाजूक होती आणि पुढे करावयाच्या कामास शरीर बळकट हवे, हे त्यांनी ओळखले होते. गणित विषय घेऊन ते बी.ए. झाले आणि १८७९ मध्ये त्यांनी कायद्याची एल्‌एल्.बी. ही पदवी मिळविली.

त्या काळी ही पदवी म्हणजे सुखाचा राजमार्ग होता. मुन्सफी, सबजज्जाची जागा किंवा हायकोर्टातील वकिली यांपैकी काहीही सहज मिळाले असते. टिळकांनी आणि त्यांचे सहाध्यायी गोपाळ गणेश आगरकर यांनी तो मार्ग नाकारला. विष्णुशास्त्री चिपळूणकरांच्या सहकार्याने जानेवारी १८८० मध्ये पुण्यास न्यू इंग्लिश स्कूल निघाले, आणि जानेवारी १८८१ मध्ये केसरी व मराठा ही पत्रे सुरू झाली. तथापि घेतलेली कायद्याची विद्या वाया गेली असे मात्र नाही. पुढे शिक्षणसंस्थेतून बाहेर पडल्यावर, १८९० नंतर, काही वर्षे त्यांनी कायद्याचा वर्ग चालविला. वकिलीच्या परीक्षेस बसणारे विद्यार्थी तेथे येत. स्वतः वकिली न करता त्यांनी वकील तयार केले, आणि आपल्या विद्येचा उपयोग पुढे स्वतःच्याच खटल्यांत भरपूर केला.

पहिल्या खटल्याची हकीकत प्रस्तुत विषयाशी जवळून निगडित आहे. कोल्हापूरचे तरुण छत्रपती चौथे शिवाजी यांना दरबारातील कारभाऱ्यांकडून वाईट वागणूक मिळते, अशा आशयाचा मजकूर १८८१-८२ मध्ये या पत्रांनी छापला. कारभारी महादेव बर्वे यांनी अब्रूनुकसानीची फिर्याद केली. ज्या पत्रांच्या आधारे लिहिले होते ती खोटी ठरली, आणि टिळक व आगरकर यांना चार महिन्यांची शिक्षा झाली. मुंबईच्या डोंगरीच्या तुरुंगात त्यांनी १०१ दिवस काढले. या खटल्यात जामिनाची गरज पडली तेव्हा महात्मा जोतीराव फुले यांच्या खटपटीने त्यांचे स्नेही रामशेठ उरवणे पुढे आले, ही गोष्ट आपण विसरता कामा नये. मतांत जमीनअस्मानाचे अंतर असूनही संकटात हात देण्याची ही रीत आजच्या सार्वजनिक जीवनात दुर्मिळ झाली आहे.

आता रायगडाकडे वळू. या गडावर १६७४ मध्ये शिवाजी महाराजांना राज्याभिषेक झाला आणि १६८० मध्ये येथेच त्यांनी देह ठेवला. जगदीश्वराच्या मंदिरापुढे त्यांची समाधी आहे. १६८९ मध्ये गड मोगलांच्या हाती गेला, अठराव्या शतकात मराठ्यांकडे परत आला, आणि मे १८१८ मध्ये इंग्रजांनी तोफा डागून तो घेतला. दुसऱ्या बाजीरावाची पत्नी वाराणसीबाई त्या वेळी गडावर होती. त्या भडिमारात राहते वाडे जळून गेले. नंतर गडावर ना शिबंदी उरली ना वस्ती. पावसाळ्यामागून पावसाळे गेले, चिरे निखळले, फटींतून झाडे उगवली. सह्याद्रीचा पाऊस कसा असतो हे आपल्या वैनगंगेकाठच्या लोकांस सांगून कळणार नाही; तेथे एकदा छप्पर गेले की भिंतीचे आयुष्य फार नसते.

या काळात समाधीची आठवण कोणासच नव्हती, असे म्हणणे अन्यायाचे होईल. महात्मा फुले यांनी १८६९ मध्ये शिवाजी महाराजांवर पोवाडा रचून प्रसिद्ध केला आणि बहुजन समाजापुढे हा राजा आपला म्हणून उभा केला. १८८३ मध्ये जेम्स डग्लस या इंग्रज लेखकाने मुंबईविषयीच्या आपल्या ग्रंथात समाधीच्या दुर्दशेचे वर्णन करून, एवढ्या मोठ्या राजाच्या स्मारकाची कोणीच कशी काळजी घेत नाही, याबद्दल खेद व्यक्त केला. परक्याने कान टोचल्यावर थोडी हालचाल झाली. सरकारने देखभालीसाठी रक्कम मंजूर केली ती वर्षाला पाच रुपये! पाच रुपयांत गडावर वर्षभर झाडलोट होणेही कठीण, मग डागडुजी ती काय होणार?

टिळकांनी १८९५ च्या एप्रिल-मे महिन्यांत केसरीतून हा प्रश्न हाती घेतला. दोनच वर्षांपूर्वी, १८९३ मध्ये, त्यांनी गणेशोत्सवास सार्वजनिक स्वरूप देण्याच्या चळवळीत पुढाकार घेतला होता. समाधीचा जीर्णोद्धार व्हावा, तेथे छत्री उभारावी आणि दरवर्षी उत्सव करता यावा असा कायम निधी असावा, अशी योजना त्यांनी मांडली. ३० मे १८९५ रोजी पुण्यात हिराबागेत सभा भरली आणि काम पाहण्यासाठी समिती नेमण्यात आली.

या योजनेतील खरा विशेष निधी जमविण्याच्या पद्धतीत होता. संस्थानिक आणि सरदार यांच्याकडून मोठ्या रकमा आणून काम उरकणे सोपे होते. टिळकांनी सामान्य माणसाच्या लहान देणगीवर भर दिला. शाळेतील विद्यार्थी, कारकून, दुकानदार, खेड्यातील शेतकरी यांनी आपापल्या ऐपतीप्रमाणे पैसे धाडले आणि देणगीदारांच्या याद्या केसरीत प्रसिद्ध होऊ लागल्या. ज्याने चार आणे दिले त्याला ती समाधी आपली वाटू लागली. वास्तू जपावयाची तर दगडाच्या आधी माणसाच्या मनात तिची जागा करावी लागते, हे त्यांना उमगले होते. १८९६ च्या एप्रिलमध्ये खुद्द रायगडावर उत्सव झाला. वर्षानुवर्षे ओसाड पडलेल्या गडावर माणसांचा मेळा जमला.

याच सुमारास, १८९५ मध्ये, टिळक मुंबईच्या कायदे कौन्सिलावर निवडून आले. परंतु पुढे दुष्काळ आला, त्यामागून प्लेगची साथ आली, आणि पुण्यात रँडच्या कारभाराने लोक त्रस्त झाले. जून १८९७ मध्ये पुण्यात शिवराज्याभिषेकाचा उत्सव झाला व त्याचा वृत्तांत १५ जूनच्या केसरीत आला. २२ जून रोजी रँडवर गोळी झाडली गेली. सरकारने टिळकांवर राजद्रोहाचा खटला भरला, तो मुख्यतः त्या उत्सवाच्या वृत्तांतावरून. त्यांना दीड वर्षाची सक्तमजुरी झाली. म्हणजे समाधीच्या निमित्ताने जी चळवळ उभी राहिली तिचीच परिणती तुरुंगात झाली. मॅक्स मुल्लरसारख्या विद्वानांनी त्यांच्यासाठी रदबदली केली, आणि सप्टेंबर १८९८ मध्ये मुदतीपूर्वी त्यांची सुटका झाली. सुटून आल्यावर त्यांनी रायगडाचे काम सोडले नाही. १९०० मध्ये गडावर पुन्हा उत्सव झाला. १९०६ च्या जूनमध्ये ते कलकत्त्यास शिवाजी उत्सवासाठी गेले. त्यापूर्वीच, १९०४ मध्ये, कवी रवींद्रनाथ ठाकुरांनी शिवाजी उत्सव या विषयावर बंगालीत कविता लिहिली होती. कोकणातील एका पडक्या समाधीचे नाव बंगालपर्यंत पोहोचले होते.

त्यांच्यातील कायदेपंडित किती चिवट होता हे ताईमहाराज प्रकरणात दिसून येते. मित्र बाबामहाराज यांनी मृत्यूसमयी, १८९७ मध्ये, आपल्या इस्टेटीची व्यवस्था पाहण्याची जबाबदारी इतरांबरोबर टिळकांवर सोपविली. दत्तकाच्या प्रश्नावरून बाबामहाराजांच्या विधवा पत्नी ताईमहाराज यांच्याशी वाद निर्माण झाला. टिळकांवर खोट्या साक्षीचा आरोप ठेवण्यात आला, शिक्षा झाली, आणि १९०४ मध्ये हायकोर्टाने ती रद्द केली. मूळ दिवाणी वाद मात्र चालूच राहिला, आणि १९१५ मध्ये विलायतेत प्रिव्ही कौन्सिलने टिळकांच्या बाजूने निकाल दिला. मृत मित्रास दिलेल्या शब्दासाठी त्यांनी चौदा वर्षे कोर्टाच्या पायऱ्या झिजविल्या. त्यांच्या लेखी विश्वस्त होणे म्हणजे नावापुढे पद लावणे नव्हते.

परंतु याच विश्वस्ताच्या वाट्यास रायगड निधीच्या बाबतीत दुर्दैव आले. लोकांनी विश्वासाने दिलेला पैसा पुण्यातील डेक्कन बँकेत ठेवला होता, आणि ती बँक बुडाली. चार-चार आण्यांनी जमलेली रक्कम अशी हातची गेली. त्यानंतरही पुन्हा निधी उभा करण्याचा प्रयत्न झाला. पण टिळकांच्या मागे कामांचा डोंगर होता. १९०८ मध्ये पुन्हा राजद्रोहाचा खटला झाला. त्यात त्यांनी वकील न देता स्वतःच आपला बचाव केला; ज्यूरीपुढील त्यांचे भाषण एकंदर एकवीस तासांहून अधिक चालले. ज्यूरीतील सातांनी दोषी व दोघांनी निर्दोष ठरविले, न्यायमूर्ती दावर यांनी सहा वर्षे काळ्या पाण्याची शिक्षा सुनावली, आणि त्यांची रवानगी ब्रह्मदेशातील मंडालेच्या तुरुंगात झाली. तेथे त्यांनी गीतारहस्य लिहिले. ते तुरुंगात असतानाच, १९१२ मध्ये, पत्नी सत्यभामाबाईंचे पुण्यात निधन झाले. जून १९१४ मध्ये सुटून आल्यावर होमरूलची चळवळ, लखनौ करार, विलायतेची वारी असा अखेरपर्यंत विश्रांतीचा क्षण नव्हता. १ ऑगस्ट १९२० रोजी पहाटेपूर्वी मुंबईस सरदारगृहात त्यांची प्राणज्योत मालवली. रायगडावर छत्री नव्हतीच.

ती उभी राहिली त्यानंतर सहा वर्षांनी. स्मारक मंडळाने जमविलेला निधी आणि सरकारची मदत यांतून १९२५-२६ मध्ये समाधीचा जीर्णोद्धार झाला, आणि आज आपण जी अष्टकोनी चौथऱ्यावरील छत्री पाहतो ती १९२६ मध्ये पुरी झाली. म्हणून समाधी टिळकांनी बांधली, असे कोणी म्हणत असेल तर ते बरोबर नाही. आणि टिळकांचा तिच्याशी काही संबंध नाही, असे कोणी म्हणत असेल तर तेही बरोबर नाही. त्यांनी हाक दिली, लोकांना देण्याची सवय लावली, आणि पूर्णता दुसऱ्यांच्या हातून झाली. अलीकडे या श्रेयावरून महाराष्ट्रात बराच वाद झाला. माझ्या अल्प मतीप्रमाणे, पोवाडा रचणारे फुले, खेद व्यक्त करणारा डग्लस, हाक देणारे टिळक, चार आणे धाडणारा विद्यार्थी, शेवटी चिरे बसविणारे पाथरवट, या सर्वांचा त्या छत्रीवर थोडाथोडा हक्क आहे.

चरित्र सांगताना दोष झाकून ठेवू नयेत. सामाजिक सुधारणेच्या प्रश्नांत लोकमान्यांची भूमिका पुष्कळदा मागे ओढणारी ठरली. १८९१ च्या संमतिवयाच्या कायद्यास त्यांनी विरोध केला. वेदोक्त प्रकरणात, ज्या शिवछत्रपतींच्या समाधीसाठी ते झटत होते त्यांच्याच गादीवरील राजर्षी शाहू महाराजांच्या विरुद्ध बाजूस ते उभे राहिले. बहुजन समाजातील अनेक कुटुंबांनी, आपल्या ज्ञातीतील वडीलधाऱ्यांनीही, याचे शल्य मनात बाळगले असल्यास नवल नाही. तरीसुद्धा ज्याचे जे चांगले ते घ्यावे, ही आपल्या संतांची शिकवण आहे. वास्तुरक्षणाच्या बाबतीत त्यांचा कित्ता गिरविण्याजोगा आहे.

टिळकांच्या काळी जुन्या वास्तूस कायद्याचे संरक्षण जवळजवळ नव्हते. १९०४ मध्ये लॉर्ड कर्झनच्या कारकीर्दीत प्राचीन स्मारक संरक्षणाचा कायदा झाला. स्वातंत्र्यानंतर बॅरिस्टर डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांच्या अध्यक्षतेखालील मसुदा समितीने तयार केलेल्या राज्यघटनेत ४९ व्या अनुच्छेदाने राष्ट्रीय महत्त्वाच्या स्मारकांचे रक्षण हे राज्याचे कर्तव्य ठरले. याच बाबासाहेबांनी १९५४ मध्ये आपल्या भंडारा मतदारसंघातून लोकसभेची पोटनिवडणूक लढविली होती, आणि आपण त्यांना निवडून दिले नाही, हेही येथे नोंदविले पाहिजे. पुढे १९५८ चा केंद्राचा कायदा झाला आणि १९६० चा महाराष्ट्राचा. १९७६ मध्ये घटनेत नागरिकांची मूलभूत कर्तव्ये आली, त्यांत आपल्या संमिश्र संस्कृतीचा वारसा जपणे हेही एक कर्तव्य आहे. २०१० पासून केंद्राच्या संरक्षित स्मारकाभोवती १०० मीटरपर्यंत नवे बांधकाम करण्यास मनाई आहे. आणि जुलै २०२५ मध्ये रायगडासह मराठ्यांच्या बारा किल्ल्यांना युनेस्कोने जागतिक वारशाच्या यादीत स्थान दिले. वर्षाला पाच रुपयांपासून जागतिक वारशापर्यंत हा प्रवास झाला आहे.

त्या बारांमध्ये विदर्भातील एकही किल्ला नाही. म्हणून आपल्याकडे काही नाही, असे समजू नये. आपल्या पवनीस वैनगंगेच्या काठी जगन्नाथ टेकडीवर १९६९-७० मध्ये नागपूर विद्यापीठ आणि पुरातत्त्व खाते यांनी मिळून उत्खनन केले आणि तेथे दोन हजार वर्षांहून जुना बौद्ध स्तूप निघाला. तुमसर तालुक्यात आंबागड आहे. देवगडच्या बख्त बुलंद राजाच्या अमदानीत, सुमारे १७०० साली, तो बांधला गेला असे सांगतात, आणि पुढे तो नागपूरकर भोसल्यांकडे आला. मी शिक्षक असताना एकदा मुलांना आंबागडास नेले होते. मुले दरवाजाच्या कमानीखाली जेवावयास बसली, आणि मी वर पाहिले तो चिऱ्यांवर कोळशाने आणि खिळ्याने कोरलेली नावे दिसली. त्यांत एक नाव माझ्याच जुन्या विद्यार्थ्याचे होते. मी त्याला शिवाजी महाराजांचा धडा शिकविला होता, त्यात पैकीच्या पैकी गुणही दिले होते. त्या दिवशी माझ्या लक्षात आले की धडा त्याने पाठ केला होता. मी मात्र तो शिकविला नव्हता. परतल्यावर मी कोणास रागावलो नाही. पुढील वर्षापासून सहलीला जाताना प्रत्येक मुलाने एक झाडणी आणि एक पिशवी न्यावी, एवढा नियम केला.

ज्ञातिबांधवांनो, आपल्या मंडळाच्या कार्याशी या चरित्राचा संबंध आहे तो दोन ठिकाणी. पहिला संबंध वास्तूंचा. आपल्या गावोगावी पूर्वजांनी बांधलेल्या विहिरी, धर्मशाळा, देवळे, जुनी घरे आहेत. ती सरकारच्या यादीत नाहीत आणि येणारही नाहीत. ती पडली तर कोणी डग्लस येऊन खेद व्यक्त करणार नाही. त्यांची मोजदाद करणे, त्यांच्या हकीकती वृद्धांकडून लिहून घेणे, पावसाळ्यापूर्वी कौले फेरणे, फटीतील पिंपळाचे रोप लहान असतानाच उपटणे, एवढे आपल्या हातचे आहे. पिंपळ मोठा झाल्यावर त्याला हात लावण्यास कोणी धजत नाही, आणि भिंत मात्र जाते.

दुसरा संबंध पैशाचा. टिळकांसारखा कायदा जाणणारा, हिशेबाला चोख आणि शब्दाला पक्का पुरुष निधीच्या मागे असूनही लोकांचा पैसा बुडाला. मग आपण किती सावध असले पाहिजे! सार्वजनिक निधी एका ठिकाणी ठेवू नये, त्याचा हिशेब दरवर्षी सर्वांपुढे मांडावा, आणि काम सुरू करण्यास पुरेशी रक्कम जमताच काम सुरू करावे. निधी पडून राहतो तेव्हा तो बुडण्याची भीती असते. चिरा होऊन भिंतीत बसला की तो सुरक्षित असतो.

लोकमान्यांनी जे काम आरंभिले ते त्यांच्या डोळ्यांदेखत पुरे झाले नाही. पण आरंभ झाला होता म्हणूनच पुढच्यांस ते पुरे करता आले. आपणही आपल्या हयातीत पुरे न होणारे एखादे काम आरंभावे आणि त्याचा चोख हिशेब मुलांच्या हाती द्यावा. त्या थोर पुरुषाच्या आणि त्याच्या हाकेला ओ देणाऱ्या अनाम देणगीदारांच्या स्मृतीस विनम्र अभिवादन करून हा लेख येथे पुरा करतो.